लायब्ररीच्या दारावरचा दाढीवाला

काळाघोडा फेस्टिव्हलला गेलात, की एल्फिन्स्टन कॉलेजच्या शेजारची ती पिवळट दगडाची, टोकदार कमानींची इमारत दिसतेच. डेव्हिड ससून लायब्ररी. आपण तिच्या पायऱ्यांपाशी उभं राहून कुणाची तरी वाट बघतो, एखादा फोटो काढतो आणि पुढे जातो. मान थोडी वर केलीत, तर दरवाजाच्या वर एका दाढीवाल्या म्हाताऱ्याचा दगडी चेहरा आहे. आत जिन्यापाशी त्याचाच उभा संगमरवरी पुतळा आहे. डोक्याला फेटा, अंगात पायघोळ झगा. साहेबांच्या मुंबईत हा अरबी वेषातला माणूस कोण, असा प्रश्न आपल्याला सहसा पडत नाही.

मे २०२४ मध्ये मात्र हे नाव एकदम सगळ्यांच्या तोंडी आलं. पुण्यात कल्याणीनगरला पोर्शे गाडीने दोन तरुण इंजिनीअरांचा जीव घेतला. गाडी चालवल्याचा आरोप असलेला मुलगा सतरा वर्षांचा. बाल न्याय मंडळाने त्याला काही तासांतच जामीन दिला आणि अटींमध्ये एक अट होती, ३०० शब्दांचा निबंध लिहिण्याची. त्यावरून गदारोळ उठला. पाठोपाठ रक्ताचा नमुना बदलल्याच्या आरोपावरून ससून रुग्णालयातल्या डॉक्टरांना अटक झाली. आपल्या सगळ्यांच्या व्हॉट्सअॅप ग्रुपवर तेव्हा एकच वाद चालला होता. अठराच्या आतल्या मुलाने गंभीर गुन्हा केला, तर त्याला शिक्षा करायची की सुधारायचं?

योगायोग असा, की ज्या ससूनच्या नावाचं ते रुग्णालय आहे, त्याच माणसाने १८५७ साली मुंबईत याच प्रश्नाच्या एका उत्तरासाठी आपली थैली सोडली होती. त्याच्या नावाची ती शाळा आजही माहीमला आहे. लायब्ररी सगळ्यांना माहीत, डॉक माहीत, हॉस्पिटल माहीत. शाळेबद्दल फारसं कुणी बोलत नाही. म्हणून आज त्या शाळेच्या बाजूने या माणसाचं आयुष्य बघू या.

बगदादचा कैदी

डेव्हिडचा जन्म १७९२ चा, बगदादचा. वडील सालेह ससून हे तिथल्या यहुदी समाजाचे प्रमुख आणि बगदादच्या पाशाचे खजिनदार. म्हणजे घरी पैसा, मान, ओळखी, सगळं होतं. मुलाने वडिलांची गादी पुढे चालवायची हे ठरल्यासारखंच. पण १८१७ मध्ये दाऊद पाशा सत्तेवर आला आणि वारं फिरलं. पाशाला पैसा हवा होता आणि श्रीमंत यहुदी घराण्यांवर त्याचा डोळा होता. तरुण डेव्हिडलाही पकडण्यात आलं. म्हाताऱ्या बापाने पैसे मोजून त्याला सोडवलं आणि पाशाचा विचार बदलायच्या आत शहराबाहेर काढलं, असं त्याचे चरित्रकार सांगतात. नेसत्या कपड्यांनिशी तो निघाला, झग्याच्या अस्तरात मोती शिवलेले होते, अशीही एक कथा आहे. ती खरी असो वा नसो, हा माणूस गुन्हा न करता कोठडीत गेला होता आणि बापाकडे पैसा होता म्हणून बाहेर आला होता, एवढं नक्की.

बसरामार्गे तो इराणच्या किनाऱ्यावरच्या बुशहर बंदरात पोचला. पहिली बायको हॅना १८२६ मध्येच वारली होती. दुसरी बायको फरहा आणि मुलं मागून आली. वडीलही आले, पण १८३० मध्ये बुशहरलाच त्यांनी डोळे मिटले. चाळिशीला आलेला, घरदार गमावलेला, मोठं कुटुंब पाठीशी असलेला हा माणूस १८३२ च्या सुमारास मुंबईत उतरला.

टॅमरिंड लेनची पेढी

तेव्हाची मुंबई म्हणजे तटबंदीतला फोर्ट आणि त्याबाहेर वाढत चाललेली नेटिव वस्ती. गिरगाव, भुलेश्वर, माझगाव, भायखळा. परळ-दादरकडे वाड्या आणि शेतं. चीनबरोबरच्या व्यापारावरचा ईस्ट इंडिया कंपनीचा मक्ता १८३३ च्या कायद्याने संपला आणि खासगी व्यापाऱ्यांना मोकळं रान मिळालं. डेव्हिडने फोर्टातल्या टॅमरिंड लेनमध्ये पेढी मांडली. अरबी, हिब्रू, फारसी, तुर्की त्याला येत होतं, हिंदुस्तानी त्याने शिकून घेतलं. इंग्रजी मात्र त्याला कधीच धड जमलं नाही. १८५३ मध्ये तो ब्रिटिश नागरिक झाला, तेव्हाही त्याने सही हिब्रूत ठोकली.

व्यापार कशाचा? कापूस, सूत, कापड, मसाले, आणि अफू. हे लपवण्यात अर्थ नाही. माळव्यातली अफू मुंबई बंदरातून चीनला जायची आणि त्या काळातल्या मुंबईच्या कितीतरी मोठ्या घराण्यांचा पैसा त्या पेट्यांमधून आलेला आहे. ससूनही त्यातलेच. पहिलं अफू युद्ध १८४२ मध्ये संपलं, चीनची बंदरं जबरदस्तीने उघडली गेली आणि डेव्हिडने आपला मुलगा इलियास याला १८४४ मध्ये कॅन्टनला धाडलं. नंतर शांघाय, हाँगकाँग, लंडन. आठ मुलगे होते आणि एकेकाला एकेका बंदरावर बसवलेलं. प्रत्येकाने आधी मुंबईच्या पेढीवर हाताखाली काम करायचं, हिशेब शिकायचा, भाषा शिकायच्या, मग परदेशी जायचं, आणि पाळीपाळीने जागा बदलायच्या.

याला आपल्याकडे पूर्वी उमेदवारी म्हणायचे. उमेदवार म्हणजे निवडणुकीला उभा राहणारा, हा अर्थ नंतरचा. आधी कुणा कारागिराच्या किंवा वकिलाच्या हाताखाली बिनपगारी किंवा अल्प पगारावर काम शिकणाऱ्या पोराला उमेदवार म्हणत. डेव्हिडचा माणूस घडवण्याचा हाच रस्ता होता. आपल्या समाजातल्या गरीब मुलांसाठीही त्याने शाळा काढली. तिथे भाषा आणि हिशेब शिकलेल्या पोरांना पेढीच्या शाखांमध्ये नोकऱ्या मिळत. कमाईचा दहावा भाग धर्मादायाला काढण्याची यहुदी रीत आहे आणि ती तो पाळायचा, असं सांगतात. पण नुसता पैसा वाटण्यापेक्षा हाताला काम शिकवणं त्याला जास्त पटत असावं. कारण त्याच्या देणग्यांमध्ये शाळा पुन्हा पुन्हा दिसते.

चोरी करणाऱ्या पोराचं काय करायचं?

आता जरा डेव्हिडला बाजूला ठेवू आणि त्याच मुंबईतल्या एखाद्या बारा वर्षांच्या पोराचा विचार करू. कोकणातून किंवा घाटावरून पोट भरायला आलेल्या घरातला. बाप हमाल, किंवा बाप नाहीच. बंदरावर कापसाच्या गठ्ठ्यांच्या आसपास भटकतो आणि एक दिवस काहीतरी उचलतो. पकडला गेला तर पुढे काय? त्या काळात बहुतेक वेळा तुरुंग, तोही मोठ्या माणसांच्या बरोबर. मोठ्या चोरांमध्ये सहा महिने काढलेला पोरगा बाहेर येताना काय शिकून येणार, हे कळायला समाजशास्त्राची डिग्री लागत नाही.

१८५० मध्ये सरकारने एक कायदा केला. त्या वर्षीचा एकोणिसावा कायदा, उमेदवारांबद्दलचा. दहा ते अठरा वर्षांच्या अनाथ आणि गरीब मुलांना एखाद्या कारागिराच्या हाताखाली ठरावीक वर्षांसाठी बांधून देण्याची सोय त्यात होती. आणि किरकोळ गुन्हा केलेल्या किंवा भटकताना सापडलेल्या मुलालाही मॅजिस्ट्रेट याच वाटेला लावू शकत होता. मुलांच्या गुन्ह्यांकडे वेगळ्या नजरेने बघणारा आपल्या देशातला हा अगदी सुरुवातीचा कायदा मानला जातो. त्यात एक खोट होती आणि ती पुढे शंभर वर्षं गेली नाही. अनाथ मूल आणि चोर मूल यांना त्याने एकाच रांगेत उभं केलं. गरीब असणं हा जणू अर्धा गुन्हाच.

त्याच वर्षी, १८५० मध्ये, मुंबईत एक उद्योगशाळा निघाली. काढणारा होता डॉ. जॉर्ज बुइस्ट, स्कॉटलंडचा माणूस, बॉम्बे टाइम्सचा संपादक. हे पत्र म्हणजे आजच्या टाइम्स ऑफ इंडियाचा पूर्वज. रस्त्यावरच्या आणि गुन्ह्यात सापडलेल्या मुलांना हस्तव्यवसाय शिकवावा, अशी त्याची कल्पना. कल्पना चांगली होती, पण अशी शाळा चालवायची तर कायमचा पैसा हवा आणि जागा हवी.

१८५७

इथे डेव्हिड ससून पुन्हा गोष्टीत येतो. १८५७ मध्ये त्याने या शाळेला मोठी देणगी दिली आणि ग्रँट रोडला तिला नवी जागा मिळाली. तेव्हापासून ती डेव्हिड ससून यांच्या नावाची औद्योगिक आणि सुधारशाळा झाली.

साल नीट बघा. १८५७. त्या वर्षी मेरठपासून दिल्ली-कानपूरपर्यंत उठाव पेटला होता आणि इंग्रजांच्या वर्तमानपत्रांतून बदल्याची भाषा चालली होती. त्यात सर्वांत पुढे कोण होता? तोच बुइस्ट. मुंबईच्या पोरांना फाशीच्या वाटेवरून वळवायला शाळा काढणारा हा माणूस आता आपल्या अग्रलेखांतून सरसकट सूड मागत होता. त्याच्या पत्राचे काही भागीदार हिंदी होते. त्यांनी हरकत घेतली, त्याने माघार घ्यायला नकार दिला आणि त्याला संपादकाची खुर्ची सोडावी लागली. रॉबर्ट नाइट त्याच्या जागी आला.

बुइस्ट ढोंगी होता, असं म्हणून मोकळं होता येईल. पण स्वतःला विचारून बघा. एरवी आपण सगळेच सुधारणेच्या बाजूचे असतो. मुलांना संधी द्यावी, परिस्थिती समजून घ्यावी, वगैरे. आणि एखादी भयंकर बातमी आली, की आपल्याच आतून कुणीतरी ओरडतं, टांगा त्याला. शाळा काढणारा माणूस आणि सूड मागणारा माणूस एकाच कातडीत राहू शकतात.

डेव्हिडही काही संत नव्हता. उठावात तो उघडपणे इंग्रजांच्या बाजूने उभा राहिला, यहुद्यांची पलटण उभारून द्यायची तयारी त्याने दाखवली. त्याच सुमारास चीनमध्ये दुसरं अफू युद्ध चालू होतं आणि त्याच्या पेढीचा व्यापार त्या युद्धाच्या निकालाशी बांधलेला होता. त्याने कधी कायद्याच्या नजरेत गुन्हा केला नाही, कारण त्याचा धंदा कायदेशीर होता. कॅन्टन-शांघायच्या अफूच्या अड्ड्यांवर किती घरं बसली, त्याचा जाब मुंबईतल्या कुठल्याच शेठला विचारला गेला नाही. आणि त्या पैशातला काही भाग कापसाचं बोंड उचलणाऱ्या पोराला सुधारायला गेला. हा विरोधाभास पुसून टाकायचा नाही, पण त्यामुळे शाळा खोटी ठरत नाही.

शाळेत काय व्हायचं?

मॅजिस्ट्रेटने पाठवलेली मुलं इथे राहायची आणि सुतारकाम, लोहारकाम असे व्यवसाय शिकायची. काळ अगदी योग्य होता. १८५३ मध्ये बोरीबंदर ते ठाणे रेल्वे धावली होती, १८५४ मध्ये कावसजी दावर यांनी ताडदेवच्या गिरणीची पायाभरणी केली होती. पुढे ज्या परळ-लालबागच्या चिमण्यांनी मुंबईचं आकाश भरून टाकलं, त्यांची ही सुरुवात. हत्यार धरता येणाऱ्या हाताला या शहरात मागणी वाढत होती. तुरुंगातून सुटलेला पोरगा आणि रंधा चालवता येणारा पोरगा, यांच्यात कामावर कुणाला घेतील हे उघड आहे.

पण ही काही नुसती शाळा नव्हती. दाराला कुलूप होतं, पोराला घरी जायची मुभा नव्हती, शिस्त कडक होती. विलायतेत तर १८५४ च्या कायद्यात गंमतच होती. मुलाला सुधारशाळेत पाठवायचं, पण त्याआधी किमान चौदा दिवस तुरुंगात ठेवायचंच. म्हणजे आधी जरा चटका, मग मलम. शिक्षा आणि सुधारणा यांचा तराजू कसा धरायचा, हे कुणालाच धड कळत नव्हतं. सहा महिन्यांच्या चोरीसाठी तीन-चार वर्षं सुधारशाळेत ठेवणं, हे दयेचं की जास्तच कठोर? मुलाच्या भल्यासाठी म्हणून त्याचं स्वातंत्र्य काढून घ्यायचं, तर ते किती दिवस? हा प्रश्न तेव्हाही होता आणि आजही वकील तो कोर्टात मांडतात.

१८६० मध्ये भारतीय दंड संहिता आली. सात वर्षांखालच्या मुलाने काहीही केलं तरी तो गुन्हा नाही, आणि सात ते बारा वर्षांच्या मुलाला आपण काय करतोय हे कळण्याइतकी समज नसेल तर तोही गुन्हा नाही, असं तिने सांगितलं. चांगली गोष्ट. पण बारा वर्षं पूर्ण झाली, की कायद्याच्या लेखी पोरगा मोठा.

फटके

डेव्हिडची शेवटची वर्षं भरभराटीची होती. भायखळ्याला सां सूसी नावाचा त्याचा बंगला होता. आज तिथे मसिना हॉस्पिटल आहे. भायखळ्यालाच त्याने मागेन डेव्हिड हे यहुदी प्रार्थनामंदिर बांधलं. अमेरिकेत यादवी युद्ध पेटल्यामुळे मुंबईच्या कापसाला सोन्याचा भाव आला होता आणि शहर पैशाने वेडं झालं होतं. १८६४ च्या शिरगणतीत मुंबईची वस्ती आठ लाखांच्या वर भरली. एवढ्या गर्दीत भटकी पोरं किती असतील?

त्याच वर्षी सरकारने फटक्यांचा कायदा केला. फाशीची शिक्षा नसलेल्या कुठल्याही गुन्ह्यासाठी, पहिला गुन्हा असला तरी, अल्पवयीन गुन्हेगाराला दुसऱ्या शिक्षेऐवजी छड्या मारून सोडून द्यायची मुभा त्यात होती. शाळेत मास्तर मारतात तशा, हलक्या वेताने, असं कायद्यातच लिहिलेलं. विचार करा, सरकारला ते किती सोयीचं होतं. मुलगा ठेवायला जागा नको, जेवण नको, शिकवायला सुतार नको. दहा मिनिटांत प्रकरण निकालात. सुधारणा ही महाग आणि वेळखाऊ गोष्ट आहे. फटके स्वस्त आहेत. फटक्यांची ही शिक्षा स्वतंत्र भारतात १९५५ मध्ये रद्द झाली, तोवर नव्वद वर्षं ती कायद्यात होती.

डेव्हिड ससून नोव्हेंबर १८६४ मध्ये पुण्यात वारला. कॅम्पातल्या ज्या लाल विटांच्या प्रार्थनामंदिराला पुणेकर लाल देऊळ म्हणतात, त्याच्या आवारात त्याची कबर आहे. पुण्याचं ससून रुग्णालय त्याच्या पश्चात १८६७ मध्ये उघडलं. काळाघोड्याची लायब्ररी १८७० मध्ये पुरी झाली. तिच्यासाठी त्याने साठ हजार रुपये दिले होते. टांकसाळीतल्या आणि गोदीतल्या कारागिरांनी काढलेल्या संस्थेची ती इमारत. म्हणजे तिथेही संबंध हाताने काम करणाऱ्यांशीच. कुलाब्याचं ससून डॉक त्याच्या थोरल्या मुलाने, अब्दुल्लाने ऊर्फ अल्बर्टने, १८७५ मध्ये बांधलं. पुढची पिढी विलायतेला गेली, सर आणि बॅरोनेट झाली, आणि मुंबईत नावं तेवढी उरली.

डोंगरीपासून माहीमपर्यंत

शाळा मात्र चालत राहिली. १८७६ मध्ये आणि पुन्हा १८९७ मध्ये सुधारशाळांचे कायदे आले. पंधरा वर्षांखालच्या मुलग्याला तुरुंगाऐवजी तीन ते सात वर्षं सुधारशाळेत पाठवायची सोय झाली. १९२४ मध्ये मुंबई इलाख्याचा मुलांचा कायदा झाला. १९२७ मध्ये चिल्ड्रेन्स एड सोसायटी स्थापन झाली. ससूनची शाळा नंतर माहीमला गेली आणि आज ती याच सोसायटीकडे आहे.

याच सोसायटीचं दुसरं घर डोंगरीला, उमरखाडीला आहे. ते निरीक्षणगृह, म्हणजे चौकशी चालू असताना मुलांना जिथे ठेवतात ते. ही वास्तू म्हणजे १८०४ चा जुना डोंगरीचा तुरुंग. टिळक आणि आगरकर १८८२ मध्ये कोल्हापूर प्रकरणात १०१ दिवस याच डोंगरीच्या तुरुंगात होते. शाळेत आपण आगरकरांच्या त्या दिवसांबद्दल वाचतो. त्याच भिंतींच्या आत आज विधिसंघर्षग्रस्त बालक नावाची मुलं असतात, हे कुणी शिकवत नाही. शब्द बघा किती जड आहे. पण त्यामागे विचार आहे. मुलाला आरोपी किंवा गुन्हेगार म्हणायचं नाही.

आजचा तराजू

डिसेंबर २०१२ मध्ये दिल्लीत आणि ऑगस्ट २०१३ मध्ये आपल्या महालक्ष्मीच्या शक्ती मिलच्या आवारात जे घडलं, त्याने हा तराजू हलवला. दोन्हीकडच्या आरोपींमध्ये अठराच्या आतला मुलगा होता. जुन्या कायद्यात जास्तीत जास्त तीन वर्षं सुधारगृह, एवढंच. लोकांना ते पटेना, आणि ज्यांच्या घरातली मुलगी गेली त्यांना ते का पटावं? २०१५ चा नवा बाल न्याय कायदा जानेवारी २०१६ मध्ये लागू झाला. सोळा ते अठरा वयाच्या मुलाने निर्घृण गुन्हा केला असेल, तर त्याला मोठ्या माणसासारखं कोर्टात उभं करायचं का, हे बाल न्याय मंडळ ठरवतं. एक मॅजिस्ट्रेट आणि दोन सामाजिक कार्यकर्ते, त्यात किमान एक बाई. त्यांनी बघायचं, मुलाची मानसिक आणि शारीरिक कुवत काय होती, परिणाम कळत होते का, गुन्हा कुठल्या परिस्थितीत झाला. फाशी देता येत नाही आणि कधीच सुटका नाही अशी जन्मठेपही देता येत नाही. पुण्याच्या प्रकरणात पोलिसांनी हीच मागणी केली होती. मंडळाने जुलै २०२५ मध्ये ती नाकारली.

यावर तुमचं मत काहीही असेल. पण निबंधावर आपण चिडलो, ते नेमकं कशामुळे? शिक्षा कमी झाली म्हणून? की श्रीमंताच्या पोराला दया सहज मिळते आणि फूटपाथवरच्या पोराला मिळत नाही म्हणून? दुसरं कारण असेल, तर उपाय शिक्षा वाढवण्याचा नाही. मग फूटपाथवरच्या पोरालाही तेवढाच चांगला वकील आणि तेवढाच वेळ द्यायला हवा. बगदादच्या कोठडीतून बापाच्या पैशावर सुटलेल्या डेव्हिडला हा फरक अंगावर कळलेला होता.

आणि जे सुधारणेच्या बाजूने बोलतात, त्यांनी माहीमकडेही बघायला हवं. जानेवारी २०२३ मध्ये ससूनच्या याच शाळेत एका सोळा वर्षांच्या मुलाला तिथल्याच इतर मुलांनी मारहाण केली आणि तो मेला. तुरुंगापासून वाचवायला ज्या जागेत आणलं, तिथेच. गेटावर सुधारगृह अशी पाटी लावल्याने आत सुधारणा होत नाही. त्यासाठी माणसं लागतात. रात्री जागणारा काळजीवाहक, ऐकून घेणारा समुपदेशक, हातात हत्यार देऊन विश्वासाने काम सांगणारा शिक्षक. शिक्षेला भिंत पुरते. सुधारणेला रोजचा पगार, रोजची हजेरी आणि वर्षानुवर्षांची चिकाटी लागते. ससूनने १८५७ मध्ये दिली ती पहिली थैली. त्यानंतरच्या थैल्या सरकारने आणि समाजाने, म्हणजे आपण, भरायच्या होत्या.

आपल्यापैकी कुणी लॉ करतंय, कुणी निर्मला निकेतनला किंवा टिसला जाणार आहे, कुणी यूपीएससीचा अभ्यास करतंय, कुणी चार-पाच वर्षांत स्वतःचा धंदा काढेल आणि माणसं नेमेल. माहीमहून एखादा मुलगा मुदत संपवून बाहेर पडतो. मोठ्या माणसासारखा खटला चाललेली मुलं सोडली, तर कायदा सांगतो की जुनं प्रकरण त्याच्या आड येता कामा नये. त्याला वेल्डिंग येतं किंवा सुतारकाम येतं. तो दादरच्या, परळच्या एखाद्या वर्कशॉपच्या दारात उभा राहतो आणि काम मागतो. लॉकडाउनच्या आधी कुठे होतास, मधली दोन वर्षं काय केलंस, असं त्याला कुणीतरी विचारतंच.

ते विचारणारे आपणच असू. तेव्हा काय करायचं, हे आत्ताच ठरवून ठेवायला हरकत नाही.